‘संहार’ : एका शब्दाचा अर्थ आणि उपयोग

(देवालयाच्या सभामंडपात महाजन कुटुंबीयांसमोर झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



देवालयाचा जीर्णोद्धार करावयाचे ठरले म्हणजे महाजनांच्या सभेत पहिला प्रश्न द्रव्याचा निघतो, दुसरा कारागिरांचा आणि तिसरा मुहूर्ताचा. चौथा प्रश्न सभेत सहसा निघत नाही. सभेहून घरी परतलेल्या मुलाला तो त्याची वृद्ध आई विचारते : “काम चालू असेल तितके दिवस देव कुठे राहणार?” प्रश्न साधा वाटतो, पण वास्तुशास्त्र, आगम आणि पुराणे या सर्वांनी त्याचा विचार केलेला आहे. त्यांनी दिलेल्या उत्तरात एक शब्द येतो आणि तो कानी पडताच यजमान दचकतो. तो शब्द म्हणजे ‘संहार’. मंगलकार्याच्या पोथीत, देवाच्या दारात, हा शब्द कशासाठी असावा असे त्याला वाटते.

त्याचे दचकणे समजण्याजोगे आहे. आजच्या मराठीत संहार म्हणजे कत्तल. वर्तमानपत्रांत ‘नरसंहार’ असतो, युद्धाच्या वार्तेत ‘संहारक अस्त्रे’ असतात, कीर्तनात ‘असुरसंहार’ असतो. ब्रह्मदेव निर्माण करतो, विष्णू पालन करतो आणि शंकर संहार करतो, हे वाक्य पाठ्यपुस्तकातून शिकलेले मूल शंकराला मोडतोड करणारा देव समजते. ज्यांचे कुलदैवत मंगेश, नागेश, रामनाथ किंवा सप्तकोटेश्वर आहे, अशा घरांतील मुलांचाही हाच समज असावा, हे विचार करण्यासारखे आहे. निर्मिती उलगडून परत घेण्याच्या क्रियेला पूर्वजांनी जो शब्द दिला, त्याचा मूळ अर्थ काय, तो कोठे कोठे वापरला गेला आणि तो संकोचल्यामुळे काय हरवले, याचा विचार प्रस्तुत व्याख्यानात करावयाचा आहे.

व्याकरणापासून आरंभ करणे सोयीचे. ‘हृ’ हा धातू. त्याचा अर्थ नेणे, उचलून घेणे. उपसर्ग लागला म्हणजे धातूचा अर्थ बळाने दुसरीकडे ओढला जातो, हे शिकविताना जुने शास्त्री एक श्लोक म्हणून दाखवीत. त्यात प्रहार, आहार, संहार, विहार आणि परिहार हे पाच शब्द उदाहरणादाखल येतात. धातू एकच, परंतु एक शब्द मारण्याचा, दुसरा जेवण्याचा, चौथा हिंडण्याचा आणि पाचवा टाळण्याचा. यांत मारण्याचा शब्द ‘प्रहार’ हा आहे, ही गोष्ट ध्यानात ठेवावी. ‘संहार’ यातील ‘सम्’ म्हणजे एकत्र. पसरलेले एकत्र करून घेणे, आपल्याकडे ओढून घेणे, हा त्याचा व्युत्पत्तीने येणारा अर्थ होय.

हा अर्थ केवळ व्युत्पत्तीत राहिलेला नाही. वाङ्मयात तो ठायी ठायी दिसतो. भट्टनारायणाचे ‘वेणीसंहार’ हे नाटक प्रसिद्ध आहे. नाव ऐकून कोणी वेणी कापल्याची कल्पना करील, तर ती चुकेल. द्रौपदीचे मोकळे सुटलेले केस भीम पुन्हा बांधतो, म्हणून ते नाटक वेणीसंहार. तेथे संहार म्हणजे विखुरलेले केस गोळा करून वेणी बांधणे. भगवद्गीतेच्या दुसऱ्या अध्यायात कासव आपली अंगे आत ओढून घेते, त्याप्रमाणे स्थितप्रज्ञ इंद्रिये विषयांपासून आवरतो, असा दृष्टांत आहे. तेथील क्रियापद ‘संहरते’ हेच आहे. कासव आपले पाय मोडीत नाही. ते आत घेते आणि वेळ आली की पुन्हा बाहेर काढते.

वाल्मीकिरामायणाच्या बालकांडात विश्वामित्र रामाला अस्त्रे देतो. ती मिळाल्यावर राम आणखी एक मागणी करतो : आता मला या अस्त्रांचे संहार शिकवा. अस्त्र सोडणे ही अर्धी विद्या झाली. सोडलेले अस्त्र परत घेणे ही उरलेली अर्धी. महाभारताच्या सौप्तिकपर्वात या अर्ध्या विद्येचा परिणाम दिसतो. अर्जुन आणि अश्वत्थामा दोघेही महाअस्त्रे सोडतात. ऋषी मध्ये पडल्यावर अर्जुन आपले अस्त्र परत घेतो; अश्वत्थाम्याला ते साधत नाही, आणि ते अस्त्र अखेर पांडवस्त्रियांच्या गर्भांवर जाते. व्यासांनी येथे दोन योद्ध्यांची तुलना केली आहे. सोडण्याची शक्ती दोघांपाशी होती, आवरण्याची एकापाशीच होती. ज्याला संहार येत नव्हता त्याच्याच हातून विनाश झाला, असे म्हटले तर आजच्या अर्थाने ते वाक्य उलटे वाटेल. मूळ अर्थाने ते अगदी सरळ आहे.

भागवताच्या दशम स्कंधात कारागृहात चतुर्भुज रूपाने प्रकट झालेल्या परमेश्वराला देवकी विनविते की, हे अलौकिक रूप आवरून घे. तिच्या तोंडी ‘उपसंहर’ हे पद आहे. रूप आवरले गेले आणि तिच्या हाती मूल आले. आईच्या तोंडी हा शब्द किती कोमल होतो!

ग्रंथाच्या अखेरीस ‘उपसंहार’ लिहिण्याची चाल मराठीत आजही आहे. ग्रंथभर जे पसरून सांगितले ते शेवटी एकत्र ओढून घेणे, एवढाच त्याचा अर्थ. ग्रंथाचे तात्पर्य कसे ठरवावे हे सांगताना मीमांसकांनी जी गमके दिली, त्यांत उपक्रम आणि उपसंहार यांची जोडी पहिली धरली आहे. आरंभ आणि शेवट एकमेकांशी जुळले, तर ग्रंथाचा अभिप्राय हाती लागतो. लोकमान्य टिळकांनी मंडालेच्या तुरुंगात लिहिलेल्या आणि 1915 साली प्रसिद्ध झालेल्या ‘गीतारहस्या’त हीच कसोटी गीतेला लावली. त्याच ग्रंथाच्या आठव्या प्रकरणाला त्यांनी दिलेले नाव ‘विश्वाची उभारणी व संहारणी’ असे आहे. उभारणी आणि संहारणी ही मराठी जोडी ऐकताना मांडव घालणे आणि मांडव उतरविणे असे चित्र डोळ्यांपुढे येते. मांडव उतरविणारा माणूस मेढी, दोर, झावळ्या वेगळ्या करून ठेवतो; पुढच्या कार्याला त्या लागावयाच्या असतात.

संस्कृत शब्दाचा हा अर्थ मराठीत कोणत्या शब्दाने सांगावा? तो शब्द प्रत्येक घरात रोज बोलला जातो. तो म्हणजे ‘आवरणे’. पसारा मांडणे आणि पसारा आवरणे, हे संसाराचे दोन हात आहेत. स्वयंपाकघर आवरणारी स्त्री भांडी फोडीत नाही. जी वस्तू जेथून काढली तेथे ती परत ठेवते. राग आवरणे, हात आवरता घेणे, बोलणे आवरते घेणे, या सर्व प्रयोगांत बाहेर पडलेले आत घेण्याचा भाव आहे. ईश्वराने मांडलेला पसारा ईश्वराने आवरणे, हाच विश्वसंहार. शास्त्रकारांनी त्याचे जे वर्णन केले ते याच रीतीचे आहे.

मुंडक उपनिषदात कोळ्याचा दृष्टांत आहे. कोळी आपल्याच अंगातून तंतू काढतो आणि आपल्यातच परत घेतो, तसे हे विश्व अक्षरब्रह्मापासून होते. येथे निर्मिती आणि संहार ही एकाच श्वासाची दोन टोके झाली. परत घेण्याचा क्रम कोणता, हा प्रश्न ब्रह्मसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायातील तिसऱ्या पादात आला आहे. उत्तर असे की, उत्पत्तीचा क्रम उलटा केला म्हणजे तो लयाचा क्रम होतो. आकाशापासून वायू, वायूपासून अग्नी, अग्नीपासून जल, जलापासून पृथ्वी, असे विश्व उतरत आले; जाताना पृथ्वी जलात, जल अग्नीत, अग्नी वायूत आणि वायू आकाशात. शंकराचार्यांनी भाष्यात जिन्याचा दाखला दिला आहे : ज्या क्रमाने माणूस पायऱ्या चढतो, त्याच्या उलट क्रमाने उतरतो. मोडतोडीला क्रम नसतो. भिंत कोठूनही पाडता येते. संहाराला क्रम असतो आणि तो क्रम ज्याने रचना केली त्यालाच नीट ठाऊक असतो.

प्रलयाचे प्रकारही पूर्वजांनी मोजले. भागवताच्या बाराव्या स्कंधात नित्य, नैमित्तिक, प्राकृत आणि आत्यंतिक असे चार सांगितले आहेत. प्रत्येक वस्तू क्षणोक्षणी बदलत असते, तो नित्य. ब्रह्मदेवाचा दिवस संपून त्याची रात्र होते, तो नैमित्तिक. त्या एका दिवसाचे मान 432 कोटी मानवी वर्षे धरतात. मूळ तत्त्वेही प्रकृतीत मिळून जातात, तो प्राकृत. आणि ज्ञानाने जीवाचा प्रपंच मावळतो, तो आत्यंतिक. समर्थ रामदासांनी ‘दासबोधा’च्या दहाव्या दशकातील पाचव्या समासात पाच प्रलय सांगितले. पिंडाचे दोन : झोप आणि मरण. ब्रह्मांडाचे दोन : ब्रह्मदेवाची झोप आणि त्याचे मरण. पाचवा विवेकाचा. समर्थांची मांडणी घरगुती आहे. महाप्रलयाची भीती बाळगणारा माणूस रोज रात्री अंथरुणावर पडून एक प्रलय आनंदाने भोगीत असतो आणि सकाळी ताजा होऊन उठतो, हे त्यांनी दाखवून दिले.

झोपेचा हा धागा तर्कशास्त्राच्या रुक्ष ग्रंथांतही सापडतो, हे विशेष. वैशेषिक मताचा आचार्य प्रशस्तपाद याने सृष्टी आणि संहार यांचा विधी सांगताना, महेश्वराला संहाराची इच्छा का होते याचे कारण दिले आहे. संसारात हिंडून थकलेल्या सर्व प्राण्यांना रात्री विसावा मिळावा म्हणून! परमाणूंचा आणि संयोगविभागांचा हिशेब मांडणाऱ्या त्या ग्रंथात हे एक कारण वाचले म्हणजे मन थबकते. येथे रागाचा लवलेश नाही. दिवसभर खेळून दमलेल्या मुलाच्या हातून आई खेळणी काढून घेते, त्या जातीची ही इच्छा आहे.

आता या शब्दाचे शेजारी पाहिले पाहिजेत, कारण शब्दाचा अर्थ शेजाऱ्यांवरून स्पष्ट होतो. ‘नाश’ हा शब्द मराठीत सर्वांत कठोर वाटतो. तथापि धातुपाठात ‘नश्’ धातूचा अर्थ दिला आहे तो ‘अदर्शन’, म्हणजे न दिसणे. सांख्यांनी पुढे जाऊन म्हटले की, नाश म्हणजे कार्याचे आपल्या कारणात मिळून जाणे. घडा फुटला म्हणजे माती झाली. मातीचे काही गेले नाही. नैयायिकांना मात्र हे मान्य नव्हते. त्यांनी ‘प्रध्वंसाभाव’ नावाचा अभाव मानला, ज्याला आरंभ आहे पण शेवट नाही. एक विशिष्ट घडा फुटला. त्याच मातीचे शंभर घडे पुढे झाले तरी तो घडा पुन्हा होणे नाही. विचार केला तर दोन्ही मते अनुभवाला धरून आहेत. गेलेल्या माणसाच्या घरात बसून सांख्यांचे मत सांगितले, तर सांत्वन होते; पण रिकामी खुर्ची नैयायिकाच्या बाजूने साक्ष देते. म्हणूनच भाषेने ‘ध्वंस’ आणि ‘लय’ हे दोन्ही शब्द राखून ठेवले. एकाच शब्दाने भागविण्याचा हट्ट धरला तर एक सत्य हातचे जाते.

‘लय’ या शब्दाचा गोतावळा तर मोठा मनोरंजक आहे. ‘ली’ म्हणजे चिकटणे, मिळून जाणे, विसावणे. त्यापासून लय, प्रलय, विलय, लीन, तल्लीन हे शब्द झाले. गायनात लय म्हणजे गती, जिच्यात स्वर आणि काळ एकरूप होतात. नम्र माणूस ‘लीन’, भजनात रंगलेला ‘तल्लीन’. याच धातूपासून ‘आलय’ हा शब्द झाला, आणि त्यापासून ‘देवालय’. जेथे देव येऊन विसावतो ते देवालय आणि जेथे विश्व जाऊन विसावते तो प्रलय. दोहोंचा धातू एकच आहे. गोमंतकात ‘विलीनीकरण’ या शब्दाने 16 जानेवारी 1967 च्या जनमत कौलाच्या वेळी घरोघर वाद माजविले होते. त्या वादाच्या गुणदोषांशी येथे कर्तव्य नाही. पण मिळून जाणे म्हणजे वाढणे की संपणे, हा त्यातील कळीचा प्रश्न ‘ली’ धातूच्या पोटातच दडलेला आहे, एवढे खरे.

हा भेद इतर भाषांतील विचारवंतांनाही जाणवला आहे. सिमोन वेल (1909–1943) या फ्रेंच विदुषीने आयुष्याच्या अखेरच्या काही वर्षांत संस्कृतचा अभ्यास केला आणि गीता मुळातून वाचली. तिने आपल्या टिपणांत निर्मितीच्या उलट क्रियेसाठी एक शब्द योजला आणि तो विनाशाहून काळजीपूर्वक वेगळा केला. तिच्या मते, निर्मिलेली वस्तू शून्यात लोटणे हा विनाश. तीच वस्तू अनिर्मिताच्या ठायी पोहोचविणे ही निराळी क्रिया, आणि विनाश हे तिचे खोटे सोंग. संहार शब्दाचा मूळ अर्थ ज्याला ठाऊक आहे, त्याला हा भेद परका वाटणार नाही.

शैवागमांत परमेश्वराची पाच कृत्ये सांगितली आहेत : सृष्टी, स्थिती, संहार, तिरोभाव आणि अनुग्रह. संहार त्यांत तिसरा आहे. अखेरचे कृत्य अनुग्रह होय. पाठ्यपुस्तकातील त्रिमूर्तीच्या वाक्यात कथा संहारापाशी थांबते आणि म्हणून शंकर भयंकर भासतो. पंचकृत्यांत ती पुढे चालू राहते. ज्या देवाच्या नावाचाच अर्थ कल्याण करणारा असा आहे, त्याच्याकडे आवरण्याचे काम सोपविले गेले, यात विसंगती मुळीच नाही. आवरण्याचे काम घरातल्या अत्यंत जबाबदार माणसाकडेच असते.

आता प्रत्यक्ष देवपूजेकडे वळू या. सविधी पूजेच्या आरंभी भूतशुद्धी करतात. तीत साधक आपल्याच देहातील पृथ्वीतत्त्व जलात, जल अग्नीत, असे क्रमाने लीन करीत जातो आणि मग उलट क्रमाने शुद्ध देहाची रचना कल्पितो. म्हणजे प्रलय आणि सृष्टी आसनावर बसल्या बसल्या होतात. न्यासांतही सृष्टिन्यास, स्थितिन्यास आणि संहारन्यास असे तीन क्रम आहेत. तांत्रिक पूजेच्या शेवटी ‘संहारमुद्रा’ करून देवावरचे फूल उचलतात, ते हुंगतात आणि देवता आपल्या हृदयात परत आली अशी भावना करतात. आवाहनाच्या वेळी हृदयातून बाहेर आणलेले तेज पूजेनंतर हृदयात परत ठेवावयाचे. संहार या शब्दाचा याहून सुंदर उपयोग सापडणे कठीण.

‘विसर्जन’ शब्दाची कथाही अशीच. सृष्टी आणि विसर्जन हे दोन्ही ‘सृज्’ धातूचे. त्या धातूचा अर्थ सोडणे. ब्रह्मदेव जग सोडतो, म्हणजे ते होते. चवथीचा गणपती पाण्यात सोडतो, म्हणजे त्याची मातीची मूर्ती मातीत मिळते. चवथीच्या घरी हा विधी बारकाईने पाहावा. उत्तरपूजा होते, अक्षता पडतात, मूर्ती जागेवरून किंचित हलवितात, माटोळी उतरते, आणि मगच देव उचलतात. घरातील माणसे या विधीला बोळवण म्हणतात. पाहुण्याला पोहोचविण्यासाठी जो शब्द, तोच देवाला. देव हलविण्यापूर्वी कोणी मूर्तीला धक्का लावला तर ते अशुभ मानतात. हलविल्यानंतर तीच मूर्ती पाण्यात बुडविणे हे कर्तव्य ठरते. दोहोंच्या मध्ये काय घडले? आवरणे घडले.

देवालयातील स्थिर मूर्तीला मात्र रोजचे आवाहन नाही आणि विसर्जनही नाही. भागवताच्या एकादश स्कंधाच्या सत्ताविसाव्या अध्यायात श्रीकृष्णाने उद्धवाला हा नियम सांगितला आहे. स्थिर मूर्तीच्या ठायी देव आहेच. त्याला बोलावणे नको आणि निरोपही नको. म्हणूनच जीर्णोद्धाराच्या प्रसंगी पेच पडतो आणि वृद्ध आईचा प्रश्न उभा राहतो. ज्याला कधी निरोप दिलेला नाही, त्याला गर्भकुडीतून बाहेर कसे न्यावे?

अग्निपुराणाच्या सदुसष्टाव्या अध्यायात जीर्णोद्धाराचा विधी आहे आणि तेथे हा शब्द स्पष्ट येतो. मूर्ती अतिशय जीर्ण किंवा भंगलेली असेल, तर आचार्याने संहारविधीने तिच्यातील तत्त्वे आवरून घ्यावीत, हवन करावे आणि नंतरच तिचे उद्धरण करावे. लाकडाची मूर्ती अग्नीला द्यावी, दगडाची पाण्यात सोडावी, धातूची वा रत्नाची अगाध जलात किंवा समुद्रात सोडावी. जी जेथून आली त्या तत्त्वाच्या स्वाधीन ती करावयाची. आणि त्यापुढचा नियम फार महत्त्वाचा : नवी मूर्ती त्याच मापाची, त्याच द्रव्याची आणि त्याच दिवशी स्थापावी. आगमांच्या परंपरेतही जुन्या मूर्तीतील कला कलशात संकोचून घेण्याचा आणि प्रतिष्ठेच्या वेळी त्या पुन्हा विस्तारण्याचा विधी आहे. काम चालते तितके दिवस देव त्या कलशातील पाण्यापाशी असतो. आईच्या प्रश्नाचे शास्त्रीय उत्तर ते हेच.

गोमंतकातील महाजनांना या भेदाचे मोल इतिहासानेही शिकविले आहे. 1540 मध्ये तिसवाडीतील आणि 1567 मध्ये बारदेश व साष्टीतील देवालये पोर्तुगीज सत्तेने पाडली. त्या कृत्याला कोणीही संहार म्हणू नये; तो विध्वंस होता. त्यात क्रम नव्हता, परत ठेवणे नव्हते. त्याच काळात कुशस्थळीचा मंगेश प्रियोळास, केळशीची शांतादुर्गा कवळ्यास, वेरण्याची म्हाळसा म्हार्दोळास आणि लोटलीचा रामनाथ बांदिवड्यास गेला. जुवारीच्या पाण्यापलीकडे अंत्रुज महालात ही दैवते नेणाऱ्या माणसांनी घरे, शेते, तळी मागे टाकली; पण दैवत आवरून बरोबर नेले. दिवाडीहून नार्व्यास गेलेल्या सप्तकोटेश्वराच्या देवालयाचा जीर्णोद्धार छत्रपती शिवाजी महाराजांनी 1668 साली करविला. जागा गेली आणि देव राहिला. आज अंत्रुजातील देवालये दिसतात ती या एका आवरण्यामुळे.

येथे आजच्या महाजनांना एक अप्रिय गोष्ट सांगणे भाग आहे. परक्यांच्या हातचा विध्वंस ओळखणे सोपे असते. आपल्या हातचा ओळखणे कठीण, कारण तो भक्तीच्या नावाने आणि वर्गणीच्या पैशाने होतो. जीर्णोद्धाराच्या वेळी मूर्तीपुरता संहारविधी यथासांग होतो. कौल-प्रसाद घेतल्यावाचून मूर्तीला कोणी हात लावीत नाही. पण सभामंडपाचे नक्षीचे लाकडी खांब, कोरीव तुळया, चिऱ्याच्या भिंतींवरील कावी चित्रे यांचे काय होते? चुन्याच्या गिलाव्यावर तांबड्या मातीचा थर देऊन तो ओला असताना कोरून पांढरे चित्र उठविण्याची ही कला कोकण-गोमंतकातील देवालयांचे भूषण होती. अनेक ठिकाणी एका दिवसात गिलावा खरवडला गेला आणि त्या जागी गुळगुळीत फरशी आली. खांब कोठे गेले हे विचारले तर कोणाला सांगता येत नाही. कोणी त्यांचे माप घेतले नाही, चित्र काढले नाही, जपून ठेवले नाही. त्याच मापाचे, त्याच द्रव्याचे, हा अग्निपुराणाचा नियम मूर्तीपुरता लिहिला असला, तरी त्यामागची बुद्धी साऱ्या वास्तूला लागू आहे. जीर्ण झालेले उतरविलेच पाहिजे. वाळवीने खाल्लेला खांब देवाच्या डोक्यावर ठेवता येत नाही. परंतु चढलेल्या पायऱ्या उलट क्रमाने उतराव्या लागतात. खांब उतरविण्यापूर्वी त्याची नोंद व्हावी, त्याचे नक्षीकाम नव्या सुताराच्या डोळ्यांखाली जावे, टिकाऊ भाग नव्या कामात बसवावा आणि जो टिकणारच नाही त्याला अग्नीच्या स्वाधीन सन्मानाने करावे. असे झाले तर तो संहार. तसे न झाले तर विध्वंस, मग मुहूर्त कितीही चांगला असो.

शब्दाचा अर्थ बिघडला की कृतीही बिघडते, असे म्हणावयाचे ते यासाठी. आवरणे आणि मोडणे यांना एकच शब्द वापरणारा समाज हळूहळू दोन्ही कृत्ये एकाच हाताने करू लागतो.

घरातील बायकांच्या बोलीने मात्र हा भेद अजून सांभाळला आहे. बांगडी फुटली असे त्या म्हणत नाहीत, बांगडी वाढवली म्हणतात. नारळ फोडीत नाहीत, वाढवतात. दुकान बंद करणारा जुना वाणीही दुकान वाढवीत असे. घरातून निघताना ‘जातो’ म्हणत नाहीत, ‘येतो’ म्हणतात. याला भाबडेपणा म्हणून हसण्याचे कारण नाही. जे संपते ते पुढच्या कशाच्या तरी पोटात जाते, हा प्रशस्तपादाचा आणि समर्थांचा विचार या बोलीने शास्त्र न वाचता जपून ठेवला आहे.

शेवटचा संहार प्रत्येकाच्या वाट्याचा. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील सोळाव्या सूक्तात मृताला उद्देशून सांगितले आहे की, त्याच्या नेत्राने सूर्याकडे जावे आणि प्राणाने वायूकडे. ज्याचे त्याला परत. उसने आणलेल्या वस्तू पुसून, मोजून, ज्याच्या त्याच्या घरी पोहोचत्या करणाऱ्या कुटुंबाची ही रीत आहे. शंकराला स्मशानवासी का म्हटले, याचे उत्तरही येथेच मिळते : आवरण्याचे काम जेथे चालते, तेथे आवरणारा असावयाचाच.

तेव्हा घरातील मुलाने शंकर संहार करतो म्हणजे काय करतो असे विचारले, तर त्याला मोडतो असे सांगू नये. पसरलेले आवरतो, थकलेल्यांना विसावा देतो आणि जेथून जे आले तेथे ते परत ठेवतो, असे सांगावे. आणि पुढे केव्हा देवालयाचे काम निघाले, वृद्ध आईने ‘देव कुठे राहणार’ असे विचारले, तर महाजनांनी तिला केवळ कलश दाखवून थांबू नये. उतरविलेले खांब कोठे नीट ठेवले आहेत, तेही तिला दाखविता यावे.